पुश फिटिंग परत परत गळतंय? आधी पाईपचं टोक बघा

पुश फिटिंग म्हणजे पाईप नुसता आत दाबून बसवायचा जोड. तो हाताला घट्ट लागतो, ओढून बघितला तर निघत नाही, आणि तरीही खाली थेंब असतोच. पुसून पुन्हा जोरात दाबला की एखाददोन दिवस कोरडं राहतं, मग परत ओल, मग दुकानातून नवीन फिटिंग आणलं जातं, ते बसवलं की थोडे दिवस बरं आणि नंतर पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. मालवण, देवगड, कणकवली बाजूला नळाची कामं करताना ही तक्रार सतत कानावर येते, कधी आरओच्या पांढऱ्या नळीची, कधी होमस्टेच्या बाथरूममधल्या सीपीव्हीसीची (गरम-थंड पाण्याचा टणक प्लास्टिकचा पाईप), आणि विचारणाऱ्याचा प्रश्न ठरलेला असतो, "पाईप तर घट्ट बसलोहा, मगे गळता कित्याक?"

प्रश्न एकदम बरोबर जागी बोट ठेवणारा आहे, कारण घट्ट बसणं आणि न गळणं या पुश फिटिंगमध्ये दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फिटिंगच्या तोंडातून पाईप आत शिरला की त्याला आधी लागतात स्टीलचे बारीक दात. ते आतल्या बाजूला तिरके असतात म्हणून पाईप पुढे सरकतो पण मागे येत नाही. दातांच्या पलीकडे, अजून आत, रबराची ओ-रिंग असते आणि तिच्याही पुढे एक कड असते जिथे पाईप टेकून थांबतो. पाईप धरून ठेवायचं काम दातांचं, पाणी अडवायचं काम ओ-रिंगचं. म्हणजे पाईप दातांपर्यंत पोचला आणि ओ-रिंगमध्ये नीट शिरलाच नाही तर हाताला जोड पक्का लागणार, ओढून निघणार नाही, आणि पाणी मात्र येत राहणार. किंवा पाईप पूर्ण आत गेलाय पण त्याच्या अंगावर एक उभा ओरखडा आहे, तर त्या ओरखड्यातून ओ-रिंगच्या खालून पाणी बाहेर यायला वाट मिळते. दोन्हीत फिटिंगचा काही दोष नसतो, दोष असतो पाईपच्या शेवटच्या इंचात. आणि लोक बदलत काय बसतात तर फिटिंग, पाईपचं टोक तेच जुनं.

म्हणून आधी गळती कुठून आहे ते शोधायचं. जोड आणि आजूबाजूचा पाईप कोरड्या फडक्याने लख्ख पुसा आणि फिटिंगच्या तोंडाशी, म्हणजे जिथे पाईप आत शिरतो तिथे, टिश्यूचा तुकडा गुंडाळा, दुसरा तुकडा जिथे आटे आहेत तिथे. पहिला ओला झाला तर पुढचं सगळं तुमच्यासाठी आहे. दुसरा ओला झाला तर आट्यांची टेप बघा, पाईपचा काही संबंध नाही. वरच्या बाजूच्या दुसऱ्याच जोडातलं पाणी पाईपवरून ओघळत येऊन या जोडाशी टपकतं असंही खूप वेळा होतं, त्यामुळे वरपासून बघत या. आणि आपल्याकडे पावसाळ्यात अजून एक भानगड असते, हवेत इतका दमटपणा असतो की थंड पाण्याच्या पाईपला नुसता घाम येतो, फ्रीजला पाणी नेणाऱ्या नळीला तर हमखास. पाईपवर सगळीकडे सारखे बारीक थेंब असतील तर तो घाम, एकाच जागी थेंब धरत असेल तर गळती.

गळती कधी होते हेसुद्धा बघा, त्यावरून बरंच कळतं. पंप चालू असतानाच गळतं आणि नुसत्या टाकीच्या पाण्यावर नाही, तर पाईप पूर्ण आत गेलेला नसण्याची शक्यता जास्त, दाबाने तो किंचित मागे सरकतो. उलट टाकीच्या पाण्यावर थेंब येतो आणि पंप लावला की थांबतो असं असेल तर बुचकळ्यात पडू नका, ओ-रिंगचा स्वभावच तसा आहे, पाण्याचा दाब वाढला की ती आपल्या खाचेत अजून दाबली जाते आणि चांगली आवळते. अशा ठिकाणी पाईप किंचित बारीक आहे, अंडाकृती झालाय किंवा त्यावर ओरखडा आहे असं समजायचं. टाकीचा दाब तसा कमीच असतो, दहा मीटर उंचीला साधारण १ बार, म्हणजे पडवीवर किंवा गच्चीवर ठेवलेल्या टाकीतून खालच्या न्हाणीत एक बारसुद्धा मिळत नाही, आणि एवढ्याशा दाबाला ओ-रिंगला पाईपचं अंग चांगलंच गुळगुळीत लागतं. फक्त गरम पाणी सोडल्यावर गळत असेल तर पाईपचं लांब-आखूड होणं किंवा आतला इन्सर्ट (मऊ पाईपच्या आत आधाराला घालायचा नळीचा तुकडा) नसणं, त्यावर पुढे लिहितो.

आता माप. यात जेवढा गोंधळ आहे तेवढा कशातच नाही, कारण दुकानात सगळंच "अर्धा इंची". अर्धा इंची सीपीव्हीसीचा बाहेरचा व्यास १५.९ मिमी, पाऊण इंचीचा २२.२ आणि एक इंचीचा २८.६. अर्धा इंची शेड्यूलवाला यूपीव्हीसी (थंड पाण्याचा, इंची मापातला प्लास्टिकचा पाईप) मात्र बाहेरून २१.३ मिमी, शेतीचा पीव्हीसी २० मिमी, २५ मिमी अशा मापात येतो. ऑनलाइन मागवलेली काही पुश फिटिंग परदेशी मापाची, १५ मिमी किंवा २२ मिमी तांब्याच्या पाईपसाठी असतात. त्या २२ मध्ये आपला २२.२ चा पाईप हातोडीने ठोकून घातलेला मी बघितलाय, दातसुद्धा वाकले होते. पुश फिटिंग पाईपला बाहेरून धरतं, त्यामुळे बाहेरचा व्यास हाच खरा, आतला कितीही असू दे. पाईपवरची छपाई वाचा, सीपीव्हीसीवर आयएस १५७७८ लिहिलेलं असतं, मिमी मापातल्या शेतीच्या पीव्हीसीवर आयएस ४९८५, एचडीपीईवर (बागेत लागतो तो गुंडाळीतला पाईप) आयएस ४९८४. शंका असेल तर व्हर्नियर (व्यास मोजायचं हत्यार) लावा, साधा प्लास्टिकचासुद्धा चालतो.

आरओच्या नळीत हाच घोळ लहान मापात होतो. ती नळी पाव इंची, म्हणजे ६.३५ मिमी. कॉम्प्रेसरच्या हवेची पीयू नळी ६ मिमीची मिळते, दिसायला जवळजवळ तशीच, आणि पाव इंचीच्या फिटिंगमध्ये ती छान जाते, दात धरतातसुद्धा, पण ओ-रिंगला तो ०.३५ मिमीचा फरक पुरेसा असतो. शिवाय ती मऊ. गॅरेजमधून उरलेली निळी नळी पिण्याच्या पाण्याला लावू नका, गळतीसाठीही नको आणि पिण्यासाठीही नको.

माप जुळलं की मग कापणं, आणि माझ्या मते निम्म्याहून जास्त गळत्या इथेच जन्माला येतात.

आरओची नळी घरात कशाने कापतात तर कात्रीने, नाहीतर सुरीने, एका घरी तर विळीवर कापली होती. कात्रीने काय होतं, दोन्ही बाजूंनी नळी चेपली जाते आणि चेपलेल्या दोन जागी कडेला उचललेली धार राहते, शिवाय टोक गोल न राहता लांबट होतं. ही धार ओ-रिंगमधून जाताना तिला खरवडते. उजेडात धरून बघा, टोकाला दोन समोरासमोर बारीक टोचणी लागतात का ते अंगठ्याच्या नखाने तपासा, लागली तर ते टोक वाया गेलं, पुन्हा कापायचं. पाव इंची नळीसाठी छोटा कटर मिळतो, तो नसेल तर पेपर कटरचं नवं कोरं पातं घ्या, नळी लाकडाच्या सपाट तुकड्यावर ठेवा आणि पातं सरळ खाली एकदाच दाबा, करवतीसारखं मागेपुढे करू नका. पातं जुनं असेल तर नळी आधी चेपते आणि मग कापते, परत तेच.

सीपीव्हीसीला रॅचेट कटर चांगला, पण पातं धारदार पाहिजे. बोथट पात्याने पाईप कापताना आधी दबतो, आणि पाईप जुना असेल तर टोकाला केसासारखी बारीक चीर जाते जी पटकन दिसत नाही. तीच चीर नंतर आत आत जाते आणि एक दिवस पंप चालू झाल्यावर पाईपच तडकतो. म्हणून जुना, वर्षानुवर्षं उन्हात राहिलेला सीपीव्हीसी असेल तर कटर न वापरता बारीक दातांचं, इंचाला ३२ दातवालं हॅक्सॉ ब्लेड वापरा आणि हळू कापा. हॅक्सॉने तिरकं जातं ही अडचण, त्यावर सोपा उपाय आहे, वर्तमानपत्राची सरळ कडेची पट्टी पाईपभोवती गुंडाळायची, पट्टीची कड स्वतःच्याच कडेवर बरोबर जुळली की तो सरळ काटकोन, त्या कडेने पेनाने गोल रेघ मारायची आणि रेघेवरून पाईप थोडा थोडा फिरवत कापत जायचं, एका बाजूने आरपार नाही.

तिरकं कापलं तर बिघडतं काय? पाईपची लांब बाजू आतल्या कडेला जाऊन टेकते, तुम्हाला वाटतं पूर्ण गेला, पण दुसरी बाजू तेवढी मागे राहिलेली असते. ओ-रिंगच्या पलीकडे पाईपचा जो राखीव तुकडा असायला पाहिजे तो त्या बाजूला कमी पडतो, आणि वर जोडाला थोडा धक्का बसला किंवा पाईप वाकला की तिथूनच सुरू. शिवाय ते टोकदार झालेलं नाक आधी जाऊन ओ-रिंगलाच लागतं.

कापल्यावर कडेला बर, म्हणजे कापताना उठलेली धार, राहतो, बाहेरूनही आणि आतूनही. हॅक्सॉने कापलेल्या सीपीव्हीसीला तर पांढरी-पिवळी कुसळं लोंबत असतात. ही हाताने उपटून होत नाही. डिबरिंगचं हत्यार असेल तर उत्तम, नसेल तर बारीक कानस किंवा धारदार पातं घ्या आणि बाहेरच्या कडेला सगळीकडून सारखा, एखाद मिलिमीटरचा उतार द्या, इतका की बोट फिरवलं तर कुठेच अडकू नये. आतली कडसुद्धा साफ करा, कारण तिथला चुरा पुढे नळाच्या जाळीत आणि आरओच्या वॉल्वमध्ये जाऊन बसतो. तांब्याचा पाईप असेल तर चाकाच्या कटरने आतल्या बाजूला कड वळते, ती रीमरने काढायची आणि बाहेर धार राहिली का ते फडकं ओढून बघायचं, फडक्याचा धागा अडकला तर ओ-रिंग पण अडकणार.

मग पॉलिश पेपर. यात एक गोष्ट लक्षात ठेवा, घासायचं ते पाईपभोवती गोल, लांबीच्या दिशेने कधीच नाही. लांबीच्या दिशेने पडलेली प्रत्येक रेघ म्हणजे ओ-रिंगच्या खालून पाण्याला सरळ वाट. गोल रेघ त्यामानाने निरुपद्रवी, कारण ती बाहेर कुठे नेतच नाही. बारीक कागद घ्या, ४०० नंबरच्या आसपासचा, आणि गरज असेल तरच. नवा गुळगुळीत पाईप विनाकारण घासू नका. उभा ओरखडा नखाला लागण्याइतका खोल असेल तर तो घासून काढायच्या भानगडीत न पडता तेवढा तुकडा कापून टाका, घासून घासून तिथे पाईप बारीक होतो आणि मग माप जातं. काही नळ्यांवर छपाई उठावाची किंवा खाचेची असते, बोटाला लागते, ती नेमकी ओ-रिंगखाली येत असेल तर तिथूनही थेंब येतो, एखाद इंच मागे-पुढे कापून छपाई नसलेला भाग टोकाला आणायचा.

स्वच्छता ही गोष्ट आपल्या कोकणात जास्तच मनावर घ्यायला हवी. चिऱ्याच्या भिंतीत पाईपसाठी खाच मारली की जांभ्याची लाल धूळ सगळ्यावर बसते, ओलसर हातांनी ती पाईपला चिकटते आणि दिसायला नुसता तांबूस रंग वाटतो, पण बोटात चोळून बघा, रवाळ लागते. किनाऱ्यालगतच्या घरात त्याच्या जोडीला रेती. एक रेतीचा कण ओ-रिंगखाली गेला तरी तो तिथे कायमचा फट धरून बसतो. काथ्या, सुंभ, केस यांचंही तसंच. एका होमस्टेच्या गीझरखालचा जोड परत परत ठिबकत होता, फिटिंग आधीच बदललेलं, पाईप सरळ कापलेला, माप बरोबर. सोडवून टॉर्चने बघितलं तर ओ-रिंगवरून आडवा गेलेला काथ्याचा एकच धागा, दोन-तीन सेंटीमीटरचा, एक टोक आत पाण्यात आणि एक बाहेर. पाणी त्या धाग्यातूनच वातीसारखं झिरपत होतं. बाजूच्या जीआयच्या (जस्त चढवलेल्या लोखंडी पाईपच्या) आट्यांना कोणीतरी सुंभ गुंडाळला होता, त्याच हाताने हा पाईप बसवला असणार. म्हणून कापून झाल्यावर टोक स्वच्छ पाण्याने धुवा, धागे न सुटणाऱ्या फडक्याने पुसा आणि बसवेपर्यंत खाली जमिनीवर ठेवू नका. भिंत फोडायचं काम चालू असेल तर फिटिंगची तोंडं प्लास्टिकची पिशवी आणि रबर लावून बंद ठेवा.

आता खोली. बहुतेक जण ही पायरी सोडूनच देतात आणि "घट्ट बसलोहा" वाली तक्रार यातूनच येते. पाईप किती आत जायला पाहिजे हे आधी मोजून पाईपवर खूण करायची. पाकिटावर किंवा फिटिंगवर लिहिलेलं असेल तर तेच माप घ्या, अर्धा इंचीला साधारण इंचभर असतं आणि पाव इंची आरओच्या नळीला १५ मिमीच्या जवळपास, पण प्रत्येक कंपनीचं थोडं वेगळं. लिहिलेलं नसेल तर नारळाच्या झावळीचा हीर, म्हणजे पातीतली काडी, घ्या, त्याची जाड बोथट बाजू फिटिंगच्या आतल्या भिंतीला धरून अलगद आत सरकवा, कडेला अडकला की तोंडाशी चिमटीत धरा, बाहेर काढा आणि पट्टीवर ठेवा. तेवढ्या अंतरावर पाईपवर मार्करने गोल रेघ मारा, खिळ्याने किंवा ब्लेडने खरवडून खूण करू नका. पाईप बसवल्यावर रेघ फिटिंगच्या तोंडाला टेकली पाहिजे. रेघ बाहेर दिसत राहिली म्हणजे पाईप दातांत आहे पण टोकापर्यंत पोचलेला नाही, मग हाताला कितीही घट्ट लागो.

दाबताना दोन टप्पे जाणवतात. आधी दातांचा थोडा अडथळा, मग एकदम जास्त जोर लागतो तो ओ-रिंगचा. बरेच जण पहिल्या अडथळ्यानंतर दुसरा लागला की "झालं, पोचला" म्हणून सोडून देतात. तिथे सोडायचं नाही, सरळ रेषेत, किंचित फिरवत, रेघ टेकेपर्यंत दाबायचं. कोरडा पाईप जात नसेल तर टोक साध्या पाण्याने ओलं करा, बांगडी चढवताना हात ओला करतात तसं. पिण्याच्या पाण्याला चालणारं सिलिकॉन ग्रीस मिळालं तर फारच चांगलं. खोबरेल तेल मात्र लावू नका. घरात हाताशी असतं म्हणून लावलं जातं, पण या फिटिंगमधली ओ-रिंग बहुतेक करून ईपीडीएम रबराची असते आणि तेल तिला मानवत नाही, इंजिनच्या तेलाने किंवा व्हॅसलिनने तर ती फुगते, आणि खाद्यतेलाने सीपीव्हीसीला कालांतराने चिरा जाऊ शकतात. पाईप चिकटवायचं सोल्युशन, टेफ्लॉन टेप, एपॉक्सी पुट्टी यातलं काहीही पाईपच्या टोकाला नको. टेपने पाईप जाड होतो आणि टेपचीच सुरकुती पडून गळतो, सोल्युशनने पाईपचं अंग मऊ पडून दात आणि रबर दोन्ही चिकटतात आणि ते फिटिंग कायमचं गेलं.

बसल्यावर ओढून बघायचं, पण ओढून न निघाला म्हणजे काम झालं असं नाही, ते फक्त दातांची परीक्षा. रेघ जागेवर आहे का ते ओढल्यानंतर परत बघा.

मऊ पाईपांना आत इन्सर्ट लागतो. पेक्स किंवा तसला प्लास्टिकचा मऊ पाईप असेल तर बाहेरून दात आणि रबर दाबतात आणि पाईप आत दबतो, विशेषतः गरम पाण्यात. काही फिटिंगमध्ये आधाराची नळी आतच बसवलेली असते, काहींबरोबर सुटा तुकडा येतो जो पाकिटात तसाच पडून राहतो. तो टाकायचाच. गुंडाळीतून आलेला एचडीपीई किंवा पेक्स पाईप तसाही अंडाकृती असतो, उन्हात थोडा वेळ सरळ करून ठेवा, टोक गोल करून घ्या, दोन बाजूंनी व्यास मोजून फरक किती राहिला ते बघा आणि मगच बसवा. बागेतल्या एचडीपीईला लागणाऱ्या कॉम्प्रेशन फिटिंगलाही हेच लागू आहे, हापूसच्या बागेत टाकीपासून खाली आलेल्या लाईनला जिथे जिथे चिखल झालेला दिसतो तिथे खोलून बघा, कडेला उतार न देता ठोकलेला पाईप आणि दुमडलेली ओ-रिंग सापडेल.

सोलरच्या लाईनला मधल्या थरात ॲल्युमिनियम असलेला कंपोझिट पाईप असेल तर गोष्ट उलटी होते. त्याच्या फिटिंगमध्ये ओ-रिंग आतल्या दांड्यावर असतात, म्हणजे पाईपचं आतलं अंग महत्त्वाचं, आणि कापलेल्या ॲल्युमिनियमची धार त्या ओ-रिंग सरळ कापते. त्याला आतून गोल करणारं हत्यार येतं, ते फिरवल्याशिवाय जोड घालूच नका. तो पाईप साध्या पुश फिटिंगमध्ये बसवायचा नाही. आणि सोलरच्या गरम पाण्याला कुठलंही पुश फिटिंग लावण्याआधी त्यावर किती तापमान लिहिलंय ते वाचा, उन्हाळ्यात पाणी वापरलं गेलं नाही तर टाकीतलं पाणी भलतंच तापतं.

टोक उत्तम तयार केलं तरी पाईप वाकडा ओढलेला असेल तर व्यर्थ. ओ-रिंग पाईपला चारही बाजूंनी सारखी दाबत असेल तरच पाणी अडतं, नळी फिटिंगमधून बाहेर आल्या आल्या वळवली की एका बाजूला रबर दबतं आणि दुसऱ्या बाजूला सैल पडतं. आरओच्या खाली जागा नसते म्हणून नळ्या अशाच मुरगळलेल्या असतात. निदान दोन-तीन इंच सरळ जाऊ द्या, नाहीतर एल्बो वापरा. सीपीव्हीसी गरम पाण्याने लांब होतो हेही लक्षात घ्या, १० मीटरची सरळ लाईन ३० अंशांनी तापली तर साधारण १८ मिमी वाढते आणि थंड झाल्यावर परत आखडते. हे ओढणं-ढकलणं रोजच्या रोज जोडावर येतं. पाईपला क्लॅम्प लावा, पण लाईनला कुठेतरी वळण देऊन हलायला जागा ठेवा.

गणपतीला आणि शिमग्याला मुंबईहून घर उघडलं की पंप चालू केल्या केल्या गळणारे जोड हा वेगळाच प्रकार. घर महिनोन्‌महिने बंद, ओ-रिंग एकाच आकारात दबून कडक झालेली, भिंतीबाहेरची पांढरी नळी उन्हाने कडक आणि चिरलेली, कुठे उंदरांनी कुरतडलेली, आणि लाईट आल्यावर पंपाचा पहिला झटका. अशा वेळी थेंब दिसला की पाईप पिळून घट्ट करायचा मोह होतो, तो आवरा, पिळल्याने ओ-रिंग आपल्या जागेवरून हलते आणि थेंबाची धार होते. पाणी बंद करा, नळ उघडून दाब काढा, पाईप आधी किंचित आत ढकला, मग फिटिंगच्या तोंडाशी असलेली, दात सोडवणारी बाहेरची रिंग दोन्ही बाजूंनी सारखी दाबून धरा आणि पाईप सरळ बाहेर काढा. उन्हात राहिलेली नळी नुसतं टोक कापून भागत नाही, अख्खी बदला आणि नवीन नळी पाईपातून किंवा सावलीतून न्या.

समुद्राजवळ अजून एक, खारी हवा. दात स्टेनलेसचे असले तरी मिठाने त्यांनाही बारीक खड्डे पडतात, ३१६ दर्जाचं स्टील ३०४ पेक्षा मिठाला जास्त टिकतं. उघड्यावरच्या जोडाला स्वतःलाच चिकटणारी सिलिकॉनची टेप बाहेरून गुंडाळली तर बरं, पण जोड कोरडा आहे हे तपासून झाल्यावरच, गळती झाकायला नाही. तोंडाशी तपकिरी डाग दिसायला लागले की ते फिटिंग पाईप सोडून द्यायच्या आधीच बदलून टाका.

पाण्याची पुश फिटिंग गॅसच्या लाईनला कधीही लावायची नाहीत, आकार जुळला तरी नाही.

भिंत बुजवायची असेल तर लाईन दाबाखाली ठेवून रात्रभर जाऊ द्या, पंप चालू असताना एकदा आणि नुसत्या टाकीवर एकदा, दोन्ही वेळा टिश्यू लावून बघा, गरम पाण्याची लाईन असेल तर गरम सोडून थंड होऊ द्या आणि मग बघा. एवढं करूनही थेंब आला तर फिटिंग सोडवून आत टॉर्च मारा, ओ-रिंग कापलेली, दुमडलेली किंवा खाचेतून बाहेर आलेली दिसली तर फिटिंग बदला. आणि नवीन फिटिंग बसवायच्या आधी पाईपवर जुन्या दातांचे जे गोल ठसे उमटलेत तेवढा तुकडा कापून टाका, कारण ते ठसे आता ओ-रिंगखालून ओढले जाणार आहेत. त्यामुळे पाईप आखूड पडला तर कपलर घालून वाढवा, ताणून पोचवू नका.